चालत आलेलं घर

"घर उचलून आणणार? अख्खं?" लेफ्टनंट खुर्चीतून अर्धा उठला.

दुभाष्या फ्लोरेन्सियोने ते मकारियाला तिच्या भाषेत सांगितलं आणि वर पदरचं जोडलं, "म्हातारे, साहेब हसतायत तुला."

"हसू दे. दात बरे आहेत त्याचे," मकारिया म्हणाली. "त्याला सांग, बांबूचं घर आहे, वीस गडी लागतात, ते तुम्हीच कोंडलेत. आमच्याकडे घर असंच हलवतात. सगळी वाडी खांदा लावते आणि घरवाला त्यांना पोटभर खाऊ घालतो."

विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर असतं म्हणतात. इथे अमेरिकन फौजेने सगळ्या बातांगास प्रांताचाच विंचू करून टाकला होता. वाड्या सोडा आणि गावच्या हद्दीत या, असा हुकूम होता. आज सूर्य मावळल्यावर हद्दीबाहेर जे घर उभं दिसेल ते जाळायचं, जो माणूस दिसेल त्याला गोळी घालायची. मकारियाच्या वाडीतले वीस पुरुष तीन दिवसांपूर्वीच पकडून चर्चच्या आवारात कोंडले होते. बायका अजून वाडीत सामान बांधत होत्या. उद्या पहाटे फौज डोंगरावर चढणार होती आणि बंदुकांच्या पुढे हे वीस जण चालणार होते, वाट दाखवत. वर लपलेल्या बंडखोरांत कुणाचा भाऊ होता, कुणाचा बाप.

"उद्या आम्हाला आपल्याच माणसांवर घालणार, आणि तुला घराचं पडलंय?" आवारातून इसिद्रो ओरडला. मकारियाचा एकुलता एक मुलगा.

"कार्ट्या, तोंड मिट. खांदा मोकळा ठेव."

फ्लोरेन्सियो पोट धरून हसला. बाकीच्यांनी माना खाली घातल्या. आईच अशी निघाली तर पोराने तोंड कुठे लपवावं!

लेफ्टनंटकडे नवा कॅमेरा होता. चालणारं घर! असा फोटो त्याच्या गावी कुणी पाहिला नसेल. पण तो अगदीच दूधखुळा नव्हता. वाडी नदीपलीकडच्या नारळीच्या बागेत होती आणि तिथे शिरायला त्याचे शिपाई कां कूं करायचे, म्हणून त्याने दोघांना पुलावरच उभं केलं आणि म्हातारीला ओलीस ठेवलं. "वीस जातील, वीस येतील. एक जरी कमी आला, तरी हिला भिंतीशी उभं करून गोळी घाला."

मकारियाने केळीच्या पानात बांधलेल्या भाताच्या वड्यांची टोपली इसिद्रोच्या हातात दिली. टोपली चांगलीच जड होती. "वाडीत पोचल्यावर सोड. आधी हात लावलास तर बघ. आणि बायको सांगेल तसं वाग, जन्मात एकदा तरी."

टोपली घेऊन तो बाकीच्या एकोणीस जणांबरोबर निघाला. तिने पायरीवर बसकण मारली.

ऊन कलायला लागलं. लेफ्टनंट तीनदा घड्याळ पाहून झाला. मकारिया मात्र पुलाकडे डोळे लावून बसली होती. तिला भीती वाटत होती, फार भीती वाटत होती, आणि ती लपवण्याइतकं बळही तिच्यात उरलं नव्हतं.

मग नारळीतून घर निघालं. झावळ्यांचं छप्पर डुलत होतं. वळचणीखाली गवती टोप्या, फाटक्या विजारी आणि चिखलाने भरलेले पाय. पुलावरच्या शिपायांनी मोजले. चाळीस पाय, एकही कमी नाही. त्यांनी हात हलवून घर आत सोडलं.

मकारिया पुढे वाकली. एकेक पाऊल तिने न्याहाळलं. इसिद्रोचा वाकडा अंगठा त्या चाळिसांत कुठेच नव्हता. तिने डोळे मिटले आणि छातीवर क्रूस काढला.

चौकात घर टेकलं. लेफ्टनंटने फोटो घेतला आणि खूश होऊन ओरडला, "आता तोंडं दाखवा!"

टोप्या निघाल्या. केसांचे अंबाडे सुटून खांद्यांवर पडले. नवऱ्यांच्या विजारी घातलेल्या वीस बायका धापा टाकत उभ्या होत्या. पुढे इसिद्रोची बायको तोमासा.

"जातच नव्हता, आई," ती म्हणाली. "तुला सोडून जाणार नाही म्हणे. शेवटी मुसळ उगारलं, तेव्हा टोपली उचलून गेला सगळ्यांबरोबर डोंगरावर."

"शहाणी माझी बाय ती."

लेफ्टनंटचा चेहरा लालबुंद झाला. उद्याची वाट, वाटाडे, सगळं गेलं होतं. पण त्याच्याच शब्दाप्रमाणे वीस गेले होते आणि वीस आले होते. काय करावं ते न सुचून त्याने घराकडे बोट दाखवलं. "जाळा ते! आत्ताच्या आत्ता, तिच्या डोळ्यांसमोर जाळा!"

फ्लोरेन्सियोने सांगितलं. या वेळी त्याने पदरचं काही जोडलं नाही.

मकारिया पायरीवरून उठली, कपड्यांची माती झटकली आणि वीस जणींच्या रांगेत जाऊन उभी राहिली.

"जाळा की," ती म्हणाली. "घर हवं होतं कुणाला?"