एक बोट जास्त

राजेसाबनं खांद्यावरचा रुमाल दाजीसाहेबांच्या हातावर टाकला आणि त्याखाली त्यांची बोटं धरली. दाजीसाहेबांनी मान फिरवली. बोरनाळ संस्थानच्या दिवाणांचा हात बैलांच्या दलालाच्या हातात, हे त्यांना स्वतःलाच पाहवत नव्हतं.

"तोंडानं काय बोलू नका, सरकार," राजेसाब म्हणाला. "जितकी मानसं सोडनार, तितकी बोटं दाबा. रुमालाखाली काय झालं ते दोन हातांनाच ठावं असतं. तिसरा साक्षीदार न्हाय."

दिवाणांनी दोन बोटं दाबली.

राजेसाब व्हरांडा ओलांडून पलीकडच्या खोलीत गेला. तिथं शेजारच्या सोनहळ्ळी संस्थानचे कारभारी शंकरप्पा घामाघूम होऊन बसले होते. त्यांनी रुमालाखाली निरोप घेतला आणि हात झटकला. "दोनच? त्यांनी आमची पाच माणसं धरलीत."

"तुमीबी त्यांची पाच धरलीत की, सरकार," राजेसाब हळूच म्हणाला.

भांडण क्षुल्लक होतं. हद्दीवरच्या बाजारात जकात कुणी घ्यायची यावरून शिपाई एकमेकांना भिडले. बोरनाळनं सोनहळ्ळीचे पाच व्यापारी आत टाकले, सोनहळ्ळीनं बोरनाळचे पाच गाडीवान. मग दोन्ही राजांनी भर दरबारात शपथ घेतली, की समोरचा चूक कबूल करीपर्यंत एकही माणूस सुटणार नाही. शपथ घ्यायला काय लागतं? ती गिळताना घसा सोलतो. आता हद्दीवरच्या ओढ्याच्या दोन्ही काठांवर घोडेस्वार उभे होते, आणि इंग्रज सरकारचा गोरा एजंट संध्याकाळच्या गाडीनं सोलापुरात उतरणार होता. तोवर मिटलं नाही तर दोन्ही संस्थानांचा कारभार ताब्यात घेईन, अशी त्याची तार होती.

म्हणून स्टेशनाजवळचा हा बंगला. दोघांनीही आपापले कैदी मोटारीत घालून आणले होते आणि मागच्या आवारात पहाऱ्यात बसवले होते. पण दिवाण कारभाऱ्याच्या खोलीत जाईना आणि कारभारी दिवाणाच्या. जो आधी उंबरा ओलांडेल तो वाकला. शेवटी दाजीसाहेबांना राजेसाब आठवला. सोलापूरच्या गड्ड्याच्या जत्रेतल्या जनावरांच्या बाजारात त्यानं कोर्टात भांडणारे सख्खे भाऊसुद्धा एका रुमालाखाली आणले होते.

राजेसाब लगेच आला, याचं कारण त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं. पाच गाडीवानांत त्याचा जावई कासीम होता. लेक साबेरा दिवस भरत आलेली, माहेरी येऊन बसली होती. सकाळी ती एवढंच म्हणाली होती, "अब्बा, उनकू लेकेच आना."

दुपारी गिरणीचा भोंगा झाला तरी गाडं पुढं सरकेना. दोन बोटांची तीन झाली, तिनाची चार, पण पाच काही होईनात. प्रत्येक खेपेला राजेसाब खिडकीतून मागच्या आवारात बघे. कासीम भिंतीच्या सावलीत गुडघ्यांत मान घालून बसलेला असे. हाक मारायची सोय नव्हती. त्याचा जीव तीळ तीळ तुटत होता, आणि चेहरा मात्र दलालाचा ठेवावा लागत होता.

"तुमचं कुणी आहे का यांच्यात?" दाजीसाहेबांनी एकदा विचारलं. त्यांनी त्याला स्वतःच्या किटलीतला चहा दिला होता.

"न्हाय, सरकार. माजं कोन असनार?"

दाजीसाहेबांनी खिडकीतून आवारातल्या कासीमकडं एकदा पाहिलं आणि मान हलवली. मग रुमालाखाली त्यांनी पाचही बोटं दाबली. राजेसाब रुमाल उचलायला गेला. पण दिवाणांनी हात सोडला नाही. त्यांनी अंगठा पुन्हा एकदा दाबला, एकटाच.

"हा कोन, सरकार?"

"एक माणूस जास्त. ज्याच्यामुळं हे सगळं झालं, तो. चूक कुणाची तरी असायला हवी ना? कारभाऱ्यांना नुसतं एवढंच पोचवा, त्यांना कळेल."

राजेसाबला वाटलं, सोनहळ्ळीचा जकातदार असणार. नाहीतरी तो माजलेलाच होता.

शंकरप्पांनी रुमालाखालचा अंगठा ओळखला. बाहेर सावल्या लांबत चालल्या होत्या.

"राजेसाब, तू रयत कुणाची? आमची की त्यांची?"

"कुनाचीच न्हाय, सरकार. चार पिढ्या सोलापुरात. आमी इंग्रजाच्या राज्यातले."

शंकरप्पांनी त्याच्याकडं पाहिलं आणि नजर काढून घेतली. "नको वाटतं रे," ते म्हणाले. "त्यालाही घरदार असेल."

राजेसाब घाबरला. हातातोंडाशी आलेला घास जाणार असं त्याला दिसलं. असला सौदा मोडताना त्यानं पुष्कळदा पाहिला होता, आणि अशा वेळी थंड लोखंडावरही हातोडा मारावा लागतो.

"दहा घरं अडकून पडलीत, सरकार," तो कळवळून म्हणाला. "बायका वाट बघत्यात. एका मानसापायी समद्यांना का कोंडायचं? द्या की तो."

शंकरप्पांनी अंगठा दाबला. लवकर सोडला नाही.

गाडी आली. एजंट साहेब टांग्यातून उतरला, आणि दाजीसाहेब नि शंकरप्पा पहिल्यांदाच बरोबरीनं पायऱ्या उतरून त्याला सामोरे गेले. कुणी कुणाचा उंबरा ओलांडला नाही. थोड्याच वेळात आवाराचं फाटक उघडलं. कासीम डोळे चोळत बाहेर आला, आणि सासऱ्याला पाहून तिथंच रडायला लागला.

"घरी जा," राजेसाब त्याच्या पाठीवर हात फिरवत म्हणाला. "साबेरा वाट बघतीया. म्या आलोच मागनं."

कासीम स्टेशनाच्या कोपऱ्यावर वळला, तेव्हा साहेबाचा हवालदार समोर येऊन उभा राहिला.

"राजेसाब दलाल तूच ना? जावई सोडवायला दोन्ही दरबारांत खोटे निरोप फिरवलेस, भांडणही तूच लावलंस, असं दोघांनी साहेबाला सांगितलंय."

राजेसाबला आधी हसूच आलं. "हवालदारसाब, यांनाच इचारा की. रुमालाखाली त्यांनीच..."

"कसला रुमाल?" दाजीसाहेब म्हणाले.

त्यानं शंकरप्पांकडं पाहिलं. शंकरप्पा ओढ्यावरचे घोडेस्वार मागं घ्यायची तार सांगत होते.

हवालदारानं राजेसाबच्या खांद्यावरचा रुमाल ओढला आणि त्याच रुमालानं त्याचे दोन्ही हात बांधले.