पहिल्याच टेकला ओके

वीस वर्षं त्यानं नाट्यगृह चालवलं, पण संहिता नावाचा कागद काही आत येऊ दिला नाही. प्रेक्षकांनी विषय द्यायचा आणि मंडळींनी उभ्या उभ्या हसवून लोळवायचं. मग गादी शिष्याच्या हवाली करून स्वारी सिनेमाकडे वळली. "विदूषकाला प्रेमकथा झेपणार होय?" म्हणणाऱ्यांची तोंडं त्याला एकदाची बंद करायची होती. प्रियकर तोच शिष्य, प्रेयसी स्वतःची बायको, शूटिंग शिष्याच्याच फ्लॅटमध्ये.

"अरे, या घरात मी आज पहिल्यांदा पाऊल टाकतेय," बायको कुरकुरली. "निदान काय कुठे आहे ते तरी दाखव."

"अजिबात नाही! सुचेल ते कर."

पहिलाच टेक ओके झाला. युनिटनं टाळ्या पिटल्या.

एडिटिंगला मात्र त्यानं एकच शॉट तीन-तीनदा मागे नेऊन पाहिला. स्वयंपाकघरातल्या ज्या ड्रॉवरनं सकाळपासून अख्ख्या युनिटला दाद दिली नव्हती, तो बायकोनं शिष्याशी बोलता बोलता, न बघता, खालून गुडघ्याचा हलका धक्का देऊन उघडला होता.

"हा शॉट काढून टाकू का, दादा?" एडिटरनं हळूच विचारलं.



"हात लावून तर बघ! अख्ख्या सिनेमात तेवढंच प्रेम खरं वाटतंय."