तीस दिवस फुकट

फोटोवाला पक्का कवडीचुंबक. अल्बम बनवायचं सॉफ्टवेअर त्याने एक जूनला तीस दिवस फुकट म्हणून घेतलं आणि बायकोला युक्ती शिकवली, "मुदत संपत आली की कॉम्प्युटरची तारीख मागे नेऊन एक जून कर. जन्मभर दमडी द्यायला नको!" स्वतः मात्र त्याच महिन्यात गेला. तीन वर्षं बायकोने त्याच युक्तीवर स्टुडिओ चालवला. आता नव्या जावयाने रीतसर लायसन्स आणलं. नंबर टाकताच पडद्यावर आलं, आधी तारीख दुरुस्त करा. "आई, इथे अठरा जून आहे. आजची टाकतो." सासूने माउस धरून ठेवला. "नको, जावईबापू. मी एक जून करते." "अहो, फुकटचे बारा दिवस शिल्लक आहेत! बाबा असते तर रागावले असते." "एकोणीसला गेले ते. ती तारीख मी इथे उजाडूच दिलेली नाही." जावयानेच तारीख मागे नेली.