शेवटचा नंबर

"तुम्ही व्हा पुढे," म्हणत निळ्या स्कार्फवाली आजही रांगेतून बाजूला झाली. मोफत जेवणाच्या त्या हॉलमध्ये सूप वाढणाऱ्या काकूंनी मान उंचावून पाहिलं. नंबर जवळ आला की ही मागे जायची, ती पार शेवटची होईपर्यंत. तीन आठवडे हेच चाललं होतं.

"देवमाणूस आहे हो," शेजारी पाव कापणारे आजोबा म्हणाले. "पोटात कावळे ओरडत असताना दुसऱ्याला पुढे करायचं, म्हणजे खायचं काम नाही!"

काकूंना मात्र राहवेना. सगळे जेवायला बसल्यावर ती वाडगा घेऊन समोर आली, तेव्हा त्यांनी ओगराळं हातातच धरून ठेवलं.

"रोज मागे का राहता? खरं सांगा."

ती हसली. "राग नाही ना येणार?"

"नाही येणार."

"दाट सगळं तळाशी बसतं. बटाटे, डाळ, सगळंच. पुढच्यांना नुसतं पाणी येतं."

"काहीतरीच काय! बारा वर्षं मी इथलंच जेवतेय. चमचा उभा राहील इतकं दाट असतं आमचं सूप."

"तुम्ही सगळ्यांच्या शेवटी जेवता ना, काकू," ती जरा सांभाळून म्हणाली. "ते बघूनच मला सुचलं."

काकूंनी तिला वाढलं. सगळ्यांचं झाल्याशिवाय आपण घास घ्यायचा नाही, हा नियम त्यांनीच घातलेला. केवढा अभिमान होता त्यांना त्याचा! त्या दुपारी त्यांनी आपला वाडगा भरलाच नाही.

दुसऱ्या दिवशी दार उघडलं आणि पहिला वाडगा काकूंनी स्वतःलाच वाढून घेतला. रांग बघतच राहिली. आजोबांची सुरी पावातच थांबली. काकूंनी उभ्याउभ्याच वाडगा तोंडाला लावला. गरम पाणी, मीठ आणि गाजराची एक चकती.

त्यांनी वाडगा खाली ठेवला, बाही वर सारली आणि ओगराळं थेट तळाला नेऊन पातेलं ढवळायला घेतलं. खांदा भरून आला तरी थांबल्या नाहीत. मग पहिल्या नंबरच्या म्हाताऱ्याला वाढलं.

त्याने वाडग्यात पाहिलं. बोटाने एक बटाटा हलवून पाहिला. मग दाराकडे नजर टाकली आणि पुढे वाकून हळूच विचारलं,

"काकू, आज कुणी मोठं माणूस येणार आहे का बघायला?"