शेजारी केलेली चौकशी

"अर्जदार हातभट्टीची दारू पितो," सरकारी वकिलांनी पोलिसांच्या चौकशीचा कागद वाचून दाखवला, "असे शेजारी चौकशी केली असता समजते."

रेमंड बाकावरून ताडकन उठला. त्याच्या वकिलांनी कोट ओढून त्याला खाली बसवलं. राज्यात दारूबंदी होती. पिणाऱ्याला तुरुंगाची हवा मिळायची, तिथे सरकारी खुर्ची कुठली मिळायला! आणि रेमंडने तर नाताळातसुद्धा कधी थेंब घेतला नव्हता. वाकोल्याच्या गावठाणात असा दुसरा पुरुष शोधून सापडला नसता.

कारकुनांच्या निवड यादीत तो अकरावा होता. बारावा होता दशरथ, रेमंडच्याच पडवीत भाड्याने राहणारा. जागा अकरा होत्या. पण सरकारने रेमंडला वगळलं आणि शेवटची जागा दशरथला दिली. का, ते कोणी सांगेना. म्हणून आईची बोलणी खाऊन रेमंडने हायकोर्ट गाठलं. आज वर्षभराने ते कारण कळलं, आणि त्याच दिवशी निकालही लागला. यादीत नाव आलं म्हणजे नोकरीवर हक्क आला असं नाही. चालचलणुकीचा संशय असेल तर वगळायचा अधिकार सरकारला आहे, असं म्हणून न्यायमूर्तींनी अर्ज फेटाळला. यादीची मुदत संपलेली. नव्या परीक्षेला बसावं तर वय उलटलेलं.

नोकरीचं दुःख एक वेळ गिळता आलं असतं. पण त्या नोकरीला बेला बांधलेली होती. चार घरं पलीकडच्या हेन्रीची ही मुलगी. "सरकारी नोकरी लागली तर चर्चमध्ये लग्न लावून देतो, नाहीतर तिला विसर," असं हेन्रीने तोंडावर सांगितलं होतं. रेमंडची आई ॲग्नेस सून म्हणून चेंबूरच्या एका मुलीवर डोळा ठेवून होती. तिलाही त्याने बेलासाठीच दाद दिली नव्हती.

वाकोल्याला पोचेपर्यंत त्याचं डोकं तापलं. फायदा कुणाचा झाला? दशरथचा. मग पोलिसाचे कान कुणी भरले, हे सांगायला ज्योतिषी कशाला हवा? एका विहिरीत दोघं पोहायला शिकले होते, आणि शेवटी त्यानेच केसाने गळा कापला. रेमंड तडक पडवीत गेला आणि काही न विचारता त्याने दशरथच्या कानाखाली वाजवली.

"आईशपथ, मी नाय रे बोललो," दशरथ गाल धरून म्हणाला. त्याने हात उचलला नाही. "हवं तर उद्या नोकरी सोडतो. पण मी नाय बोललो."

"सोडून काय उपयोग? यादीच मेली आता!"

आरडाओरडा ऐकून माणसं जमली. बेला धावत आली आणि तिने रेमंडचा हात धरला. काय झालं ते तिला त्याने एका दमात सांगितलं. सांगताना त्याला रडू आवरेना. दारुडा म्हणे, आणि तेही शेजाऱ्याच्या तोंडून!

"कधी आला होता तो पोलीस?" बेलाने विचारलं.

"कागदात होतं, गेल्या वर्षी. ईस्टरनंतर, साध्या कपड्यांत."

बेलाने त्याचा हात सोडला. ती तिथेच पायरीवर बसली.

"छत्रीवाला? गोड गोड बोलणारा?"

"तुला काय ठाऊक?"

"आमच्या दारात आला होता. मुलगा चालीचा कसा, पितो का, कुणाच्या भानगडीत आहे का, सगळं विचारत होता. मीच म्हटलं, हातभट्टीची पितो. मला वाटलं रे, चेंबूरच्या मुलीकडचा माणूस लग्नासाठी तुझी चौकशी करायला आलाय."