आरमेलच्या खुर्चीत

माझा नवरा रेजिस कॅमेरामन. नटी आरमेलचे सगळे सिनेमे त्यानंच केले. तिच्याकडे इतक्या मायेनं बघणारा दुसरा कॅमेरा नाही, असं अख्खं पॅरिस म्हणायचं.

आणि मी? बाईसाहेबांचा मेकअप होईपर्यंत सेटवर मी त्यांच्या खुर्चीत बसायचं. रेजिस माझ्या तोंडावर लाइट लावणार, पुढे-मागे करणार. मनासारखं जमलं की मी उठायचं आणि ती बसायची. घरी हा माणूस सूपच्या वाडग्यातून मान वर करत नसे. जळफळाट व्हायचा नुसता!

रेजिसच्या सत्काराला ती शँपेनचा ग्लास घेऊन शेजारी आली, आणि माझा तोल सुटला.

"आयुष्यभर माझा नवरा तुझ्याकडेच बघत राहिला. पोट भरलं का गं तुझं?"

ती हसली नाही.

"तू बाळंतपणाला गेली होतीस तेव्हाचा सिनेमा आठवतोय? खुर्चीत दुसरीच कुणी बसायची. रेजिस तोच, कॅमेरा तोच. पण जो तो विचारायचा, आरमेल आजारी आहे का?"

"मग? होतीस का?"



"ठणठणीत होते. त्या एकाच सिनेमात मी माझ्यासारखी दिसले."