जीभसाहेबांनी गिळलं

झाकण उचललं आणि तिने आधी नाक धरलं. पातेल्यातल्या केचपवर फेस आला होता. कडेने पांढरी बुरशी धरली होती, मधूनच एखादा बुडबुडा वर येऊन फुटत होता, आणि वास असा, की ओल्या पायमोज्यांवर कुणी दूध सांडून ठेवलंय.

परवा दुपारी हेच केचप निम्मं आटलं होतं. सहा किलो टोमॅटो उकडून, सालं-बिया गाळून, दालचिनी-लवंगेची पुरचुंडी रसात सोडून ती तासभर ढवळत उभी होती. साखर-मीठ पडलं होतं, व्हिनेगर तेवढं शेवटी घालायचं राहिलं होतं. तेवढ्यात जीभसाहेब आले.

जीभसाहेब म्हणजे तिचे यजमान. सॉसच्या कारखान्यात एकतीस वर्षं चव तपासायच्या कामावर होते. त्यांनी मान हलवल्याशिवाय तिथली एक बाटली बाहेर पडत नसे. हे नाव तिथल्याच लोकांनी ठेवलेलं. दिवसाला साठ चमचे गिळले तर पोटाची वाट लागेल, म्हणून चव तपासणारे माल जिभेवर घोळवतात आणि थुंकून टाकतात. कारखान्यात ठीक आहे. या गृहस्थांनी ती रीत घरी आणली, आणि निवृत्त झाल्यावरही सोडली नाही. बायकोने काहीही केलं, की पहिला चमचा तोंडात, डोळे बंद, मग सिंकमध्ये पच्च. त्यानंतर निकाल. मीठ कमी. आंबट जास्त. करपट लागतंय. लेकीच्या वाढदिवसाचा केकसुद्धा सुटला नव्हता. लग्नाला सदतीस वर्षं झाली, पण 'चांगलं झालंय' हे दोन शब्द त्या तोंडातून कधी निघाले नव्हते. थुंकी मात्र रोज निघत होती, आणि सिंक ती घासत होती.

परवाही तेच. केचप पूर्ण व्हायच्या आतच थुंकून म्हणाले, गोडीत मार खाल्लाय. तिचं डोकं फिरलं. तिने गॅस बंद केला, झाकण दाणकन आपटलं आणि सांगून टाकलं, की यापुढे एकदा जरी थुंकलात, तर या घरात चूल पेटणार नाही. हॉटेलात जेवा आणि तिथेच थुंका. दोन दिवस अबोल्यात आणि ब्रेडवर गेले. उन्हाळ्याचे दिवस, आणि रागाच्या भरात त्या पातेल्याकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही.

आता ते फेकायचं म्हणून तिने पातेलं पुढे ओढलं, तर जीभसाहेब शेजारी येऊन उभे. हातात चमचा. तिने तोंड उघडायच्या आत त्यांनी पातेल्यात न बघताच तो नेमका बुरशीच्या कडेला बुडवला आणि तोंडात घातला. डोळे मिटले. ती बघत राहिली. आजच्या दिवस तरी थुंका, असं तिला अगदी मनापासून वाटलं. त्यांच्या गळ्याची गाठ खाली-वर झाली. जीभसाहेबांनी गिळलं होतं.

"चांगलं झालंय," ते म्हणाले. "अगदी चांगलं."

ओठाच्या कोपऱ्यात फेस चिकटला होता. तो त्यांनी चाटून घेतला आणि पुन्हा चमचा बुडवायला निघाले. तिने त्यांचं मनगट धरलं. सदतीस वर्षं जे ऐकायला ती आसुसली होती ते अखेर मिळालं, आणि कशाला मिळालं, तर या घाणीला.

"अहो, नासलंय ते. घरभर वास सुटलाय. कळत नाही तुम्हाला?"

ते पातेल्यावर वाकले. दोन-तीनदा हुंगलं. चेहऱ्यावर काहीच उमटलं नाही. मग स्टुलावर बसले आणि हळूहळू एकेक सांगू लागले. हिवाळ्यात ती मोठी सर्दी झाली होती, तेव्हा वास गेला तो गेलाच, आणि त्याच्यामागे चवही गेली. साखर काय नि मीठ काय, तोंडात नुसती माती. डॉक्टरांनी हात टेकले. जीभसाहेबाची जीभ गेली हे कुणाला कुठल्या तोंडाने सांगायचं? पुढच्या वेळी मात्र चांगलं म्हणायचं आणि गिळायचं, असं त्यांनी परवाच ठरवलं होतं. भांडण मिटावं म्हणून.

तिला दया आली. खोटं कशाला बोला, खरंच आली. पण मग हिवाळ्यापासूनचे सगळे चमचे तिच्या डोळ्यांपुढून गेले, आणि तिला त्या माणसाची शिसारी आली.

"चव लागत नव्हती, तर रोज थुंकत कशाला होतात?"

"न थुंकून कसं चालेल? तुला संशय आला असता."

"आणि मीठ कमी, आंबट जास्त, हे कशावरून सांगत होतात?"

"तुझ्या चेहऱ्यावरून," ते म्हणाले, आणि त्यांच्या आवाजात थोडी ऐटही होती. "मी चमचा उचलला की तू घाबरतेस. मिठाची शंका असली की तुझी नजर मिठाच्या बरणीवर जाते. परवा साखरेच्या डब्याकडे बघत होतीस. मला फक्त बोलून दाखवायचं असतं."

तिने पातेलं उचललं, सिंकमध्ये पालथं केलं आणि नळ पूर्ण सोडला. लाल-पांढऱ्या गुठळ्या जाळीवर साचल्या, त्या ती बोटांनी ढकलत राहिली. ती मागे वळली नाही. जीभसाहेब विचारत होते, की मग आता जेवायला काय करतेस. दोनदा विचारूनही उत्तर येईना, तेव्हा ते स्टुलावरून उठले, आणि तिचा चेहरा दिसावा म्हणून एकदा डावीकडून, एकदा उजवीकडून वाकून बघू लागले.